साहेबांच्या मागची पायरी

आमच्या स्टेशनाचं नाव इतकं लांब आहे की गाडीतली रेकॉर्ड केलेली बाई ते म्हणून संपवायच्या आत दारं उघडून बंदसुद्धा होतात. दोष त्या बाईचा नाही. स्टेशनाच्या डोक्यावर बसलेल्या प्रत्येक खात्याने आपलंच नाव द्या म्हणून हट्ट धरला, आणि कुणाला दुखवायला नको म्हणून सगळ्यांची नावं एकापुढे एक जोडली गेली. आम्ही खाली काम करणारे नुसतं ‘साहेबतळ’ म्हणतो. वर साहेब, खाली आम्ही आणि मध्ये सरकता जिना.

मी इथली स्टेशन इन्चार्ज. फलाटाच्या टोकाला काचेची खोली आहे, तीत माझी खुर्ची, समोर कॅमेऱ्यांचे पडदे, हाताशी माइक आणि एक लाल बटण. दिवसभर मी लोकांची डोकी बघते. वरून बघितलं की हुद्दा कळत नाही, टक्कल तेवढं कळतं. त्यामुळे माझ्या मनात कुणाबद्दल फार आदर साठत नाही. घरचे म्हणतात, मुळातच नव्हता. असेल.

पूर्वी मोठे साहेब लोक आमच्या वाटेला जात नसत. ते गाड्यांमधून यायचे. मग एकदा वरच्या सगळ्यात मोठ्या साहेबांनी हुकूम काढला: कचेऱ्यांच्या परिसरात हवा शुद्ध राहावी म्हणून खासगी आणि सरकारी, कुठलीही गाडी आत येणार नाही. टाळ्या झाल्या, फोटो निघाले. दुसऱ्या दिवशी सकाळी नाक्यावरच्या पोलिसाने साहेबांचीच गाडी अडवली. आपली गाडीही गाडीच असते, हे हुकूम लिहिताना त्यांच्या लक्षातच आलं नव्हतं. हुकूम मागे घ्यावा तर नाक जातं, पायी चालावं तर पाय जातात. तेव्हापासून साहेब मेट्रोने येतात आणि साहेब येतात म्हणून त्यांचं सगळं लटांबर मेट्रोने येतं.

हे लोक जमिनीखाली आले, पण कचेरी सोडून आले नाहीत. फलाटावरून गेटांपर्यंत जाणारा आमचा सरकता जिना आहे, गेटांतून बाहेर पडलं की समोर त्यांच्या इमारतीचं दार. जिना चांगला रुंद, दोन माणसं शेजारी शेजारी मावतात. जगात सगळीकडे एका बाजूला उभं राहतात आणि घाई असलेला दुसऱ्या बाजूने जातो. आमच्याकडे तसं नाही. साहेब जिन्याच्या बरोबर मधोमध उभे राहतात, एक हात कमरेवर, कोपर बाहेर काढलेलं, दुसऱ्या हातातला फोन कानाला. त्यांच्या मागे एक पायरी मोकळी. मग उपसाहेब. मग एकेका विभागाचे प्रमुख, मग त्यांचे हाताखालचे, आणि अगदी तळाला बिचारे ज्यांची कामं वर अडकलेली असतात ते. कुणी कुणाच्या पुढे जात नाही. हे कुठे लिहिलेलं नाही, कुणी शिकवलेलं नाही. नवा माणूस कचेरीत लागला की आठवड्याभरात त्याचे पाय आपोआप शिकतात. एक निवृत्त गृहस्थ अजून कामासाठी येतात, तेसुद्धा समोर कुणीही असो, सवयीने एक पायरी सोडूनच उभे राहतात. मागे एकदा त्यांच्या पुढे आमची झाडूवाली होती.

मी आणि मिशीकाका या प्रकारावर पोट धरून हसायचो. मिशीकाका म्हणजे जिन्यापाशी उभे असणारे आमचे सुरक्षारक्षक. शिट्टी आहे, पण मिशीमुळे ती ओठांपर्यंत नीट पोचत नाही.

आणि मग माझी मुलगी त्याच कचेरीत नोकरीला लागली.

तिचं कागदावरचं नाव सुंदर आहे, मीच ठेवलं होतं. पण जन्मली तेव्हा इतकी गुबगुबीत होती की घरात सगळे ढबू म्हणायला लागले, आणि आता काठीसारखी असली तरी ढबूची ढबूच राहिली. लहानपणी कुणाला जुमानायची नाही. शाळेत बाईंना म्हणाली होती, तुम्ही गणित चुकलात. बाई चुकल्याच होत्या. मला बोलावणं आलं तेव्हा मी तोंडदेखलं रागावले आणि बाहेर पडल्यावर तिला आइस्क्रीम दिलं. हिचे बाबा स्वयंपाक उत्तम करतात आणि मतं देत नाहीत, म्हणून आमचा संसार टिकला. तेसुद्धा त्या दिवशी म्हणाले होते, पोरीला जरा लगाम घाल. मी म्हटलं, जग घालेलच की, आपण कशाला हात दुखवायचे.

नोकरी लागली त्या संध्याकाळी ती मला म्हणाली, “आई, एक सांगू? रागावू नकोस.”

“सांग की.”

“स्टेशनात मला ओळख दाखवू नकोस. आमच्या खात्याच्या हाताखाली तुमचं स्टेशन येतं ना. आईच्या वशिल्याने लागली म्हणतील.”

“माझ्या वशिल्याने? माझा वशिला असता तर मी त्या कोंदट काचेच्या खोलीत पंखा नसता बसवून घेतला?”

“आई, प्लीज.”

मी कबूल केलं. मग वर्षभर माझी मुलगी रोज सकाळी माझ्या कॅमेऱ्याखालून जायची आणि मान वर करायची नाही. मला मात्र तिची भांगाची रेघ दिसायची. घरी जेवताना आम्ही भरपूर बोलायचो, पण तिचं बोलणं बदलत चाललं होतं. पूर्वी म्हणायची, ‘तो माणूस मूर्ख आहे.’ आता म्हणायची, ‘सरांचा दृष्टिकोन वेगळा आहे.’ मी बाबांकडे बघायचे, बाबा ताटाकडे.

वर्ष संपत आलं. आता साहेब स्वतः मुलाखत घेणार आणि मग ठरणार, कायम करायचं की घरी पाठवायचं. या मुलाखतीचा एकच धाक होता. साहेब दालनात येऊन खुर्चीत बसले की शिपाई दार लावतो. आत असेल तो आत, बाहेर राहील तो बाहेर, आणि त्याची नोकरीसुद्धा बाहेर. गेल्या खेपेला एक मुलगा तेवढ्यात बाथरूमला गेला होता. आता तो मोबाइलची कव्हरं विकतो.

ढबू रात्रभर झोपली नाही. मला पहाटेची पाळी होती. निघताना तिच्या खोलीत डोकावले तर कपडे घालून खाटेवर बसलेली, शर्टाला सुरकुती पडू नये म्हणून ताठ. मी म्हटलं, “खाऊन निघ.”

“नको, शर्टावर सांडेल.”

“मग लवकर निघ.”

ती लवकरच निघाली. त्यात तिची काही चूक नाही. पण मागच्या एका स्टेशनात कुणा शहाण्याने बंद होणाऱ्या दारात पाठीवरची पिशवी घातली आणि गाडी बोगद्यात उभी राहिली. मला पडद्यावर दिसत होतं. एक लाल ठिपका, हलत नाही. त्या ठिपक्याच्या आत माझी पोरगी. मी मागच्या स्टेशनाला फोन केला, त्यांनी मला तेच सांगितलं जे आम्ही प्रवाशांना सांगतो: थोड्याच वेळात. पहिल्यांदा कळलं, हे ऐकून लोक आमच्या अंगावर का येतात.

तेवढ्यात उलट्या दिशेच्या गाडीने साहेब आले.

एरवी ते उशिरा येतात. आज मुलाखती, म्हणून वेळेवर. गाडीतून उतरले, थांबले, उपसाहेबांनी त्यांच्या कॉलरवरचं काहीतरी झटकलं, मग सगळी वरात जिन्याकडे निघाली. आणि त्याच वेळी लाल ठिपका हलला. ढबूची गाडी फलाटाला लागली तेव्हा साहेबांनी पहिल्या पायरीवर पाय ठेवला होता.

मी ढबूला पाहिलं. दार पूर्ण उघडायच्या आत बाहेर पडली, धावत जिन्यापाशी आली आणि पुढची पाठमोरी रांग बघून थबकली. जिना साहेबांना घेऊन निवांत वर चालला होता. दुसरा जिना आहे, साधा, पण तो फलाटाच्या पार दुसऱ्या टोकाला, आणि निघतो भलत्याच रस्त्यावर. त्या वाटेने पोचेपर्यंत साहेब खुर्चीत बसून, चहा पिऊन, मोबाइलच्या कव्हरांचा धंदा वाढवून मोकळे झाले असते.

मी विचार केला नाही असं नाही. केला, पण उभ्या उभ्या केला. साहेब चालत जिना चढणाऱ्यांतले नाहीत. जिना थांबला की ते थांबतील, तो चालू व्हायची वाट बघतील. ढबू बाजूने धावत वर जाईल आणि साहेबांच्या आधी पोचेल. इथे बसून मला जिना बंद करता येतो. चालू करायचा तर पायऱ्या तपासून, जिन्यापाशीच चावी लावून करावा लागतो, आणि ती चावी मिशीकाकांच्या कमरेला. मी वॉकीटॉकी उचलली.

“काका, जिना थांबवतेय. मी सांगेपर्यंत चावी लावू नका.”

“कुठली चावी?” मिशीकाका म्हणाले. या माणसाला मी उगाच जीव लावत नाही.

मग मी माइकवर गोड आवाजात सांगितलं, “प्रवाशांनी कृपया कठडा धरावा, सरकता जिना थांबत आहे.” सगळ्यांनी कठडा धरल्याचं पाहिलं आणि लाल बटण दाबलं.

जिना थांबला. साहेबही थांबले. इथपर्यंत माझा हिशेब चोख होता.

ढबूसुद्धा थांबली.

मला वाटलं, धावून दम लागला असेल. मग वाटलं, पर्स सावरतेय. मग नीट पाहिलं. ती रांगेत शेवटच्या माणसामागे उभी होती. एक पायरी सोडून. हात पुढे जुळवलेले, मान जरा झुकलेली, बाकीच्यांसारखीच. वर्षभरात तिचे पाय शिकले होते. नोकरी समोरून चालली होती, रस्ता मोकळा होता, आणि माझी मुलगी साहेबांच्या पाठीचा मान राखत उभी होती. मला इतका संताप आला की काचेवर थाप मारली. काच जाड आहे, कुणाला ऐकू गेलं नाही.

मी माइक ओढला. “प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. तांत्रिक कारणामुळे सरकता जिना बंद आहे. प्रवाशांनी पायी वर जावे.”

कुणी हललं नाही. सगळ्यांनी साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी भोंग्याकडे पाहिलं आणि पुन्हा फोनवर बोलायला लागले. उपसाहेबांनी मागे वळून सगळ्यांना हाताने शांत राहायची खूण केली. सगळे शांतच होते.

“थांबलेला सरकता जिना,” मी म्हटलं, “हा साधा जिना असतो. तो पायांनी चढता येतो.”

मिशीकाका वॉकीटॉकीवर कुजबुजले, “मॅडम, चावी सापडली तर चालेल का?”

“सापडली तर गिळा,” मी म्हटलं.

ढबूने घड्याळ पाहिलं. वर पाहिलं. पुन्हा घड्याळ. डोळ्यांत पाणी आलेलं मला पडद्यावरून दिसत नव्हतं, पण आईला पडदा लागत नाही. तिला सगळं कळत होतं. दार बंद होणार, वर्षाची मेहनत मातीत जाणार, हे सगळं कळत असूनही पाय उचलत नव्हता. मी तिसऱ्यांदा माइक उघडला. पुढच्याला ‘जरा सरका’ म्हणणे हा गुन्हा नाही, असं काहीतरी सभ्यपणे सांगायचं माझ्या मनात होतं. तोंडातून निघालं ते निराळंच.

“ए ढबू! बघतेस काय? चढ! जिना कुणाच्या बापाचा नाही!”

जमिनीखाली आवाज घुमतो. माझाच आवाज बोगद्याच्या दोन्ही तोंडांतून परत आला, ‘बापाचा नाही, बापाचा नाही’. मग अशी शांतता पसरली की जिन्यावर कुणाचं तरी पोट वाजलं तेसुद्धा मिशीकाकांना ऐकू आलं, ते शपथेवर सांगतात. सगळे इकडेतिकडे बघायला लागले, ढबू कोण म्हणून. एका स्थूल विभागप्रमुखांना वाटलं, आपल्यालाच म्हटलं. ते लाजले आणि बिचारे एक पायरी चढलेसुद्धा, मग उपसाहेबांच्या नजरेला नजर भिडताच खाली उतरले.

ढबूने मान वर केली. वर्षभरात पहिल्यांदा तिने थेट कॅमेऱ्यात पाहिलं. त्या नजरेचा अर्थ मला चांगला माहीत होता. वयात आल्यापासून ती तसं बघत आलीय. घरी आल्यावर बघते तुझ्याकडे.

आणि ती चढली. तळाच्या लोकांमधून, मग कारकुनांमधून, मग प्रमुखांच्या पोटांमधून वाट काढत. लोक बाजूला होत नव्हते, नुसते अंग चोरत होते. उपसाहेबांपाशी ती जरा अडखळली. मग मोकळ्या सोडलेल्या पायरीवर पाय ठेवला. त्या पायरीवर बहुधा आजवर कुणाचाच पाय पडला नव्हता. साहेबांच्या कोपराखालून ती वाकून पुढे गेली, काहीतरी पुटपुटली आणि पळत सुटली. साहेबांचा फोन कानापासून खाली आला. त्यांच्या पुढे मोकळा जिना होता आणि त्यावर एका मुलीची पाठ होती. असं दृश्य त्यांनी किती वर्षांत पाहिलं नव्हतं कोण जाणे.

ती गेटातून दिसेनाशी झाली तेव्हा मी वॉकीटॉकीत म्हटलं, “काका, सापडली का?” काकांनी पायऱ्यांवरून नजर फिरवली, चावी लावली, जिना हलला आणि साहेब वर गेले.

पुढचा सगळा दिवस, पाळी संपल्यावरही, मी पडद्यांपुढे बसून होते आणि काहीही बघत नव्हते. दुपारी उपसाहेबांचा एक माणूस विचारायला आला, ती घोषणा कुणी केली. मी सांगितलं, यंत्रणा जुनी आहे, मधूनच आपोआप बोलते. त्याला हायसं वाटलं. माणसाने केलं असतं तर चौकशी लागली असती, यंत्राने केलं म्हटल्यावर त्याचं जेवण चुकत नव्हतं.

संध्याकाळी ढबू माझ्या कॅमेऱ्याखालून गेली, मान खाली. चालण्यावरून काही कळेना. घरी पोचले तर ती जेवणाच्या टेबलाशी बसलेली आणि बाबा कांदा चिरत होते, गरजेपेक्षा जास्त.

“सगळ्या खात्यासमोर ढबू,” ती म्हणाली. “भोंग्यावर.”

“अगं पण झालं काय ते सांग.”

“दुपारभर त्या विभागप्रमुखांना लोक ढबूसाहेब म्हणत होते. ते घरी गेले.”

“ढबू, नोकरीचं काय झालं?”

तिने मोठा श्वास घेतला. “मी पोचले तेव्हा शिपाई दारातच होता. मला इतका दम लागला होता की उभं राहवेना. मी दाराची मूठ धरून वाकले. तेवढ्यात सर आले. मी दार सोडायला गेले तर ते माझ्या अंगावरच उघडलं, म्हणून मी धरूनच ठेवलं. सर आत गेले, त्यांच्या मागून मी, मग ते बसले. मग मुलाखतीला मला पुढे बोलावलं आणि एकही प्रश्न विचारला नाही. समितीला म्हणाले, ही मुलगी बघा. एवढा सगळा स्टाफ माझ्या मागे आरामात उभा होता. ही एकटी जीव तोडून पुढे धावली, का, तर माझ्यासाठी दार उघडायला.”

बाबांची सुरी थांबली.

“कायम झाले,” ढबू म्हणाली. “त्यांच्या स्वतःच्या ऑफिसात नेमणूक दिलीय.”

मी हसायला लागले. हसता हसता खुर्चीतून खाली यायची वेळ आली, डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. बाबाही हसले, आणि शेवटी ढबूसुद्धा, ओठ दाबून. मग मी विचारलं, “तू काय म्हणालीस त्यांना?”

“थँक्यू सर म्हणाले.”

“खरं नाही सांगितलंस?”

“काय सांगू? माझ्या आईने तुमचा जिना बंद पाडला?” ती म्हणाली. “आणि आई, ते इतकं काही चुकीचं बोलले नाहीत. दार मी धरलंच होतं.”

मला आनंद झाला होता, खोटं कशाला बोलू. मुलगी मार्गाला लागली म्हणून त्या रात्री मला गाढ झोप लागली. पण तिचं ते शेवटचं वाक्य दाताखाली खडा यावा तसं मध्येच लागत राहिलं. बाबांना सांगितलं तर ते म्हणाले, “नोकरी मिळाली ना?” आयुष्यात दुसऱ्यांदा मत दिलं माणसाने.

मग तिचं नवं काम सुरू झालं. आता ती साहेबांच्या आधी येते आणि फलाटावर थांबते. साहेब उतरले की त्यांची बॅग घेते. जिन्यावर त्यांच्या मागची जी मोकळी पायरी होती, तिच्यावर आता ढबू उभी असते, एक हात कठड्यावर आडवा. म्हणजे मागून कुणी पुढे जाऊ नये. साहेबांना त्या दिवसाचं कौतुक वाटलं होतं, पण तसं पुन्हा कुणी करू नये असंही वाटलं असावं. वर पोचलं की ती चपळाईने पुढे जाऊन दार धरते. उपसाहेबांची जागा एक पायरी खाली गेली, तेव्हापासून ते तिच्याशी फार आदराने बोलतात. मिशीकाका पहिल्या दिवशी मिशीतल्या मिशीत हसले. माझ्याकडे पाहिलं आणि मग हसायचं टाळायला लागले. घरी मी एकदोनदा चेष्टा केली. ढबू म्हणाली, “सुरुवात आहे आई. सगळ्यांना असंच करावं लागतं.” तिला बूट नवे घ्यावे लागले, दिवसभर उभं राहून पाय सुजतात. मी रात्री पाणी गरम करून देते. पाय बुडवून बसते आणि तिथेच पेंगते.

परवा सकाळी वरची गेटं अडकली. सगळीच्या सगळी, एकदम. काकांनी वॉकीटॉकीवर ओरडून सांगितलं, गर्दी तुंबलीय, लोक गेटांवरून उड्या मारायला लागलेत, तुम्ही या. गेटं हाताने उघडायची तर इन्चार्जचं कार्ड लागतं आणि ते माझ्या गळ्यात. मी खोलीतून पळतच निघाले आणि जिन्यावर चढले. पुढे रांग होती. त्या रांगेला मी आजवर कधी भीक घातलेली नाही. “सरका, सरका, स्टेशन इन्चार्ज,” म्हणत कारकून ओलांडले, प्रमुख ओलांडले, ढबूसाहेब ओलांडले, उपसाहेबांच्या पायावर पाय देऊन वर गेले.

कठड्यावरचा हात आडवा झाला.

“मॅडम, थांबा,” माझी मुलगी म्हणाली. “साहेब आहेत पुढे.”

आवाज अगदी नम्र होता, परक्या बाईशी बोलावं तसा. साहेब फोनवर होते, त्यांनी मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. माझ्या जिभेवर सगळं तयार होतं. भोंग्यावर म्हटलं होतं ते, आणि त्याहून वाईट बरंच काही. वर लोक ओरडत होते, गळ्यातलं कार्ड माझ्या मुठीत होतं. मी तोंड उघडलं आणि तिच्याकडे पाहिलं. साहेबांना ती घाबरत नव्हती. मी आता काय बोलेन, याला घाबरत होती. डोळ्यांनी मला विनवत होती, लहानपणी ताप आला की बघायची तशी.

मी तोंड मिटलं. एक पायरी खाली आले. तिथे उपसाहेब होते, त्यांना जागा नव्हती, म्हणून तेही खाली सरकले, आणि त्यांच्या मागचे सगळे खाली सरकत गेले.

मग मी उभी राहिले, माझ्या मुलीच्या मागे, एक पायरी सोडून.